ज्यांच्यापुढे माइक आला नाही

रविवारी दुपारची जेवणं आटोपली की बाबा रेडिओवरचं भरतकामाचं फडकं काढत, त्याची चार घड्यांची घडी करत आणि ती मांडीवर ठेवून बसत. बटण फिरवलं की आधी हिरवा दिवा लागे, मग थोडा वेळ नुसती खरखर, आणि त्या खरखरीतून सावकाश एक आवाज वर येई. शांत, घासूनपुसून ठेवलेल्या भांड्यासारखा आवाज. विविध भारतीवरचा ‘क्रिकेट विथ विजय मर्चंट’ हा कार्यक्रम. आम्ही भावंडं दारातल्या पायरीवर बसून ऐकत असू. आई आतून म्हणे, "काय कळते तुमाले त्याच्यातलं?" कळत फारसं नव्हतंच. पण बाबांनी त्या वेळी आम्हांला कधी उठवलं नाही.

बाबा अकोल्याच्या एका जिनिंग फॅक्टरीत मुनीम होते. सरकी किती, रुई किती, गाठी किती, हेच त्यांचं आयुष्य. त्यांनी बॅट कधी हातात धरली नव्हती. तरी मर्चंटांबद्दल ते फार आपुलकीनं बोलत, आणि त्याचं कारण मला मोठं झाल्यावर उमगलं. विजय मर्चंट हे मुंबईच्या ठाकरसी घराण्यातले, गिरणीमालक. वऱ्हाडातला कापूस जिनांमधून निघून मुंबईच्या गिरण्यांकडे जायचा. त्यामुळे बाबांच्या लेखी रेडिओवर बोलणारा माणूस परका नव्हताच. "थो आपल्या कापसाचा माणूस हाये," असं ते म्हणत आणि आवाज थोडा वाढवत.

हे सगळं सांगतो आहे त्याला कारण आहे. मी पुढे शाळेत व्यायामशिक्षक झालो, छत्तीस वर्षं मैदानावर शिट्टी वाजवली, आणि निवृत्त झाल्यापासून एकच गोष्ट मनात घोळत राहिली आहे. खेळाडूचा खेळ थांबतो तेव्हा त्याच्याजवळ जे उरतं, ते कुठे जातं? काहींचं माइकपुढे जातं, काहींचं वर्तमानपत्राच्या रकान्यात जातं. आणि बाकीच्यांचं? आमच्या अमरावती-अकोल्याकडचा खेळाचा इतिहास सांगायचा तर या तिसऱ्या लोकांपासून सांगावा लागतो, आणि नेमकं तेच अवघड आहे.

पण आधी मर्चंट. १९३३ ते १९५१ या अठरा वर्षांत त्यांच्या वाट्याला कसोटी सामने आले फक्त दहा. मधली बरीच वर्षं महायुद्धानं खाल्ली. प्रथम श्रेणीतली त्यांची सरासरी ७१.६४, म्हणजे जगात ब्रॅडमनच्या खालोखाल. १९५१ मध्ये दिल्लीला इंग्लंडविरुद्ध चाळिसाव्या वर्षी त्यांनी १५४ धावा केल्या. त्याच सामन्यात क्षेत्ररक्षण करताना खांदा दुखावला आणि तिथेच त्यांचा खेळ संपला. शेवटच्या कसोटीत दीडशतक करून थांबलेला माणूस नंतर काय करतो? ते निवड समितीवर गेले. १९७१ मध्ये त्यांच्याच निर्णायक मतानं पतौडींच्या जागी अजित वाडेकर कर्णधार झाले. अपंगांना रोजगार मिळावा म्हणून त्यांनी काम केलं. आणि रेडिओवर बोलले. आमच्या घरी जे पोहोचलं ते यांतलं शेवटचं. त्यांची फलंदाजी बाबांनी कधी पाहिली नव्हती, मीही नाही. आमच्यासाठी मर्चंट म्हणजे तो आवाज. त्यांचा खेळ आम्हांला त्या आवाजातूनच दिसला.

मुंबई-पुण्याच्या माणसाला हे कदाचित पटणार नाही. त्यांच्याकडे मैदान होतं, मग रेडिओ होता. आमच्याकडे आधी रेडिओ होता. नागपूरला पहिली कसोटी झाली १९६९ च्या ऑक्टोबरात, न्यूझीलंडविरुद्ध. नागपूर म्हणजे अकोल्याहून अडीचशे किलोमीटर. कापसाच्या वेचणीच्या तोंडावर जिनातल्या माणसाला कोण सुट्टी देणार? त्यामुळे जो खेळून आला आहे आणि जो बोलतो आहे, तोच आमचं मैदान.

रेडिओवर क्रिकेट सांगायला आपल्याकडे सुरुवात झाली ती १९३४ मध्ये, मुंबईतल्या चौरंगी सामन्यांत, बॉबी तल्यारखान यांच्या आवाजात. ते एकटेच दिवसभर बोलत. त्यांची ओळख बोलण्याची होती, खेळाडू म्हणून नव्हे. पुढे मात्र माजी खेळाडू माइककडे वळू लागले. खेळाचं वर्णन एक जण करी आणि मधूनमधून ‘तज्ज्ञ’ म्हणून दुसरा बोले. तो दुसरा बहुधा खेळून थकलेला माणूस असे. विजयनगरमचे महाराजकुमार, म्हणजे विझी, हे त्यांतले एक. बाबांनी त्यांना ऐकलं होतं. लाला अमरनाथ दुसरे. लालाजींना मी स्वतः ऐकलं. त्यांच्या हिंदीत पंजाब असा काही भरलेला असायचा की डोळे मिटले तर समोर पगडी दिसावी. पण एखाद्या गोलंदाजाच्या मनगटाबद्दल ते बोलू लागले की माझे कान टवकारत, कारण ते मनगट त्यांनी स्वतः वापरलेलं होतं.

आता १९३६ चा उन्हाळा पाहा. मला या एका उन्हाळ्याचं फार अप्रूप आहे.

त्या साली भारताचा क्रिकेट संघ इंग्लंडच्या दौऱ्यावर होता. कर्णधार विझी. तीन कसोटींत त्यांच्या धावा झाल्या ३३. लाला अमरनाथ यांना त्यांनी पहिल्या कसोटीच्या आधीच शिस्तीच्या कारणावरून घरी पाठवून दिलं. जुलैच्या अखेरीस मँचेस्टरला विजय मर्चंट आणि मुश्ताक अली यांनी सलामीला २०३ धावांची भागी केली, मर्चंट ११४ आणि मुश्ताक ११२. नागपुरात जन्मलेले सी. के. नायडू याच दौऱ्यात शेवटची कसोटी खेळले, ओव्हलवर. ती कसोटी सुरू झाली १५ ऑगस्टला. आणि त्याच दिवशी बर्लिनमध्ये ध्यानचंदांच्या संघानं जर्मनीला ८-१ असं हरवून हॉकीचं सुवर्णपदक घेतलं.

त्याच उन्हाळ्यात, त्याच बर्लिनमध्ये, ऑलिंपिकच्या निमित्तानं आमच्या अमरावतीची माणसंही होती. श्री हनुमान व्यायाम प्रसारक मंडळाचा चमू. अंबादासपंत आणि अनंतराव या वैद्य बंधूंनी १९१४ मध्ये सुरू केलेल्या आखाड्यातून तयार झालेली ही माणसं. त्यांनी तिथे हुतूतू खेळून दाखवला, मल्लखांब केला, आपले देशी व्यायामप्रकार साऱ्या जगासमोर मांडले. आज ज्याला आपण कबड्डी म्हणतो आणि रात्री आठ वाजता टीव्हीवर दिव्यांच्या झगमगाटात पाहतो, तो खेळ तेव्हा युरोपच्या मातीवर मांडला तो या वऱ्हाडी मंडळींनी. लंगोट कसलेले, तेलानं चमकणारे ते देह त्या थंड देशात कसे दिसले असतील, याचा विचार मी कितीदा केला आहे.

म्हणजे एकाच उन्हाळ्यात, दोन देशांत, हे सगळे खेळत होते. इंग्लंडला गेलेल्यांपैकी विझी पुढे माइकपुढे बसले, मर्चंट बसले, ज्यांना अर्ध्यातून परत पाठवलं ते लालाजीही बसले. ३३ धावा करणाऱ्याचा आवाज देशानं वर्षानुवर्षं ऐकला. बर्लिनला गेलेल्या अमरावतीच्या एकाही माणसाचा आवाज मी रेडिओवर कधी ऐकला नाही. मी अमरावतीपासून शंभर किलोमीटरवर वाढलो. माझ्या घरात रेडिओ दिवसभर चालू असायचा. तरीही नाही.

बर्लिनची ती माणसं मला कळली ती दुसऱ्या वाटेनं. १९८० मध्ये व्यायामशिक्षकाचं शिक्षण घ्यायला मी अमरावतीला गेलो. पहाटे साडेपाचला मैदानावर हजेरी, मग तास, मग पुन्हा संध्याकाळी मैदान. राजकमल चौकात रविवारी फिरायला जायचं, आलुबोंडा खायचा आणि परत. तिथे आमच्या खोलीच्या मालकांचे एक चुलते होते. सत्तरीच्या आसपास वय, मान खांद्यात रुतलेली, कानांच्या पाळ्या कुस्तीनं जाडजूड झालेल्या. सगळे त्यांना वस्ताद म्हणत, म्हणून मीही वस्ताद म्हणू लागलो. ते स्वतः बर्लिनला गेले नव्हते. पण जे गेले होते त्यांच्या हाताखाली त्यांची तालीम झाली होती. "आमी त्याईचे पाय चेपले हायेत," असं ते अभिमानानं सांगत.

वस्तादांचं बोलणं म्हणजे एक शाळाच होती. पण ती बाकावर बसून शिकायची नव्हती. हुतूतूतली चढाई समजावून सांगताना ते वाक्याच्या मध्येच उठत, अंगणात रेघ ओढत आणि म्हणत, "इकळे पाह्य." त्यांचं म्हणणं असं, की चढाई करणाऱ्याच्या हाताकडे पाहायचंच नाही. त्याच्या मागच्या पायाच्या टाचेकडे पाहायचं. टाच उचलली की तो परतायला निघाला. टाच टेकलेली असेल तर तो अजून आत येणार. छत्तीस वर्षं मी पोरांना हेच शिकवलं. आमच्या काळच्या कुठल्याही पुस्तकात मला ते वाचायला मिळालं नाही.

मर्चंट हेच तर करत होते. टाचेकडे पाहा, असं ते लाखो लोकांना सांगत होते. वस्ताद मला एकट्याला सांगत होते.

या फरकात भाषेचाही मोठा भाग आहे, म्हणून थोडं तिकडे वळतो. मराठीतून क्रिकेटचं समालोचन सुरू झालं आणि रुजलं ते बाळ ज. पंडित यांच्यामुळे. तेही खेळाडूच. महाराष्ट्राकडून रणजी खेळलेले. पुण्याच्या माणसाचं ते शुद्ध, वेगवान, नेटकं मराठी. पायचीत, यष्टिरक्षक, निर्धाव षटक, सलामीचा फलंदाज, हे शब्द काही सगळे त्यांनी घडवले नसतील. पण छापलेला शब्द आणि तोंडातला शब्द यांत फार अंतर असतं. ते अंतर त्यांच्यासारख्यांनी संपवलं. आमच्या गल्लीतली पोरं टेनिसचा चेंडू घेऊन खेळताना ‘त्रिफळा उडाला’ म्हणून ओरडू लागली ती रेडिओमुळे. पंडित २०१५ मध्ये गेले तेव्हा मी वर्गातल्या फळ्यावर त्यांचं नाव लिहिलं. पोरांनी विचारलं, "हे कोण, सर?" मी म्हणालो, "तुम्ही षटकार म्हणता ना, ते ज्यांनी आमच्या कानात घातलं ते."

पण रेडिओवरच्या त्या मराठीत वऱ्हाडी नव्हती. यात पंडितांचा काही दोष नाही. माणूस स्वतःच्या तोंडानं बोलणार. प्रश्न असा आहे की आमचं तोंड माइकपर्यंत का गेलं नाही.

गेलं होतं, पण गावापुरतं. अकोला जिल्ह्यात, अमरावतीच्या दर्यापूर-अंजनगावकडे, हिवाळ्यात कापूस घरात आला की रात्रीच्या कबड्डी स्पर्धा भरतात. मैदानाच्या चारी कोपऱ्यांना बांबूवर दिवे, पाणी मारून चोपलेली माती, चुन्याच्या रेषा, एका बाजूला बाकडं आणि त्यावर माइक. त्या माइकवर बहुतेक वेळा गावचा एखादा जुना खेळाडू बसलेला असतो. गुडघे गेलेले, मफलर गुंडाळलेली, शेजारी चहाचा कप. त्याचं समालोचन ज्यानं ऐकलं नाही त्यानं कबड्डी अर्धीच ऐकली असं मी म्हणेन. "गेला, गेला, आत गेला पोट्टा! अरे त्याची टाच पाह्य ना बाप्पा! पकळला! पाय पकळला! आता सुटत नाई... सुटला! काऊन रे कोपऱ्यावाल्या, झोपला होता का?" आणि लोण चढला की सगळ्या मैदानाच्या आधी त्याचाच आवाज फुटतो.

त्या बोलण्यात ज्ञान आहे. कोपरारक्षकानं कधी झेपावायचं, साखळी कधी सोडायची, दम संपत आलेल्या चढाईपटूला मध्यरेषेच्या किती आधी अडवायचं, हे तो खेळाच्या वेगानं सांगत असतो, आणि तेही अशा शब्दांत की कधी न खेळलेल्यालाही कळावं. रात्री दोन वाजता अंतिम सामना संपतो, बांबू उतरवतात, माइक गुंडाळतात. त्या रात्रीचं त्याचं बोलणं तिथेच मातीत मुरतं. कुठल्या कागदावर नाही, कुठल्या फितीवर नाही.

एकदा एका जिल्हास्तरीय स्पर्धेत मलाच माइकवर बसवलं होतं. नव्वदच्या दशकातली गोष्ट. मी वस्तादांची आठवण ठेवून सुरुवात केली, जशी येते तशी, वऱ्हाडीत. प्रेक्षक खूश झाले. अर्ध्या तासानं एक अधिकारी माझ्या कानाशी आले आणि म्हणाले, शाळेच्या मुलांसमोर शुद्ध भाषा वापरा. मी वापरली. उरलेला सामना मी छापील मराठीत सांगितला आणि मला स्वतःलाच जाणवत राहिलं की मी खेळाच्या मागे पडतो आहे. चढाईपटू परत आलेला असायचा तेव्हा माझं वाक्य क्रियापदाशी पोहोचायचं. ती सल अजून गेलेली नाही.

पुढे कळलं की हे फक्त आपल्याकडचं नाही. अमरावतीला शिकताना आमच्यातली काही मुलं सॉफ्टबॉल खेळायची. त्यांच्यामुळे बेसबॉलबद्दल कुतूहल वाटलं आणि मिळेल ते वाचत गेलो. अमेरिकेत डिझी डीन नावाचा एक गोलंदाज होता, ते लोक त्याला पिचर म्हणतात. अर्कान्सासच्या खेड्यातला, गरीब घरचा, शाळा जेमतेम शिकलेला. १९३४ मध्ये सेंट लुईसच्या संघासाठी त्यानं एका हंगामात तीस सामने जिंकून दिले. १९३७ मध्ये चेंडू लागून पायाचं बोट मोडलं, त्याच्या वेदनेपायी फेकण्याची पद्धत बदलली, आणि त्यात खांदा कायमचा बिघडला. मर्चंटांसारखाच खांदा. मग तो रेडिओवर गेला. तिथे तो आपल्या गावच्या बोलीत बोलायचा. ‘स्लाइड’ या क्रियापदाचं भूतकाळी रूप तो ‘स्लड’ असं करायचा. १९४६ मध्ये शाळांमधल्या इंग्रजीच्या शिक्षकांनी तक्रार केली की हा माणूस पोरांची भाषा बिघडवतो आहे. पण लोक त्याच्या बाजूनं उभे राहिले आणि तो बोलत राहिला. पन्नाशीच्या दशकात तर तो टीव्हीवर देशभर ऐकू येऊ लागला. हे वाचलं त्या रात्री मला झोप लागली नाही. माझ्या कानाशी आलेल्या त्या अधिकाऱ्याला मी उलट काहीच बोललो नव्हतो.

आता पुन्हा क्रिकेटकडे येतो, कारण माझ्या आयुष्यातला एक दिवस सांगितल्याशिवाय हे पुरं होत नाही.

२७ ऑक्टोबर १९८७. मंगळवार. विजय मर्चंट गेल्याची बातमी आली. बाबा तेव्हा निवृत्त होऊन घरीच होते. ऐकून त्यांनी काहीच म्हटलं नाही. उठून रेडिओवरचं फडकं नीट केलं, एवढंच. विश्वचषक चालू होता आणि शनिवारी, ३१ तारखेला, नागपूरला भारत-न्यूझीलंड सामना होता. माझ्या एका मित्रानं तिकिटं काढली होती. मी जाऊ की नको अशा मनःस्थितीत होतो. बाबाच म्हणाले, "जाय ना तू. पाहून ये."

रात्रीच्या गाडीनं बडनेरा, वर्धा करत आम्ही पहाटे नागपूरला उतरलो. सिव्हिल लाइन्समधलं व्हीसीएचं मैदान सकाळी आठलाच गच्च भरलेलं. जे पाहिलं ते सगळ्यांना माहीत आहे. चेतन शर्मानं लागोपाठच्या तीन चेंडूंवर रुदरफोर्ड, स्मिथ आणि चॅटफील्ड यांचे त्रिफळे उडवले. २२२ धावांचं लक्ष्य घेऊन, अंगात ताप असताना, सुनील गावसकर ज्या पद्धतीनं खेळले ते त्यांचं रूप आम्ही कधी पाहिलं नव्हतं. ८८ चेंडूंत नाबाद १०३. एकदिवसीय सामन्यांतलं त्यांचं एकमेव शतक. श्रीकांत ७५ करून बाद झाला, मग अझरुद्दीन आला, आणि तेहतिसाव्या षटकात सामना संपलाही. ५ नोव्हेंबरला मुंबईत उपांत्य सामना हरलो आणि गावसकरांचा खेळ तिथेच थांबला.

पण बाबांना मी घरी येऊन जे सांगितलं ते धावांबद्दल नव्हतं. मी सांगितलं की गावसकर ताप असूनही चेंडू टाकला जाण्याच्या क्षणी डोकं अजिबात हलवत नव्हते. बाबा म्हणाले, "मर्चंट हेच तं सांगत होते." मर्चंटांनी नेमकं काय सांगितलं होतं ते मला आठवत नाही. बाबांना आठवत होतं.

त्यानंतरचं सारं सगळ्यांच्या डोळ्यांसमोरचं आहे. खेळ सोडल्यावर बोलणं आणि लिहिणं हाच पूर्ण वेळेचा व्यवसाय होऊ शकतो हे आपल्याकडे गावसकरांनी दाखवून दिलं, असं माझं मत आहे. त्यांच्या आधी ते छंदासारखं होतं. दूरदर्शनवरच्या त्यांच्या ‘सुनील गावसकर प्रेझेंट्स’ मालिकेसाठी आम्ही शेजाऱ्यांच्या घरी जाऊन बसायचो. आणि संदीप पाटील! ज्यांनी १९८२ मध्ये मँचेस्टरला बॉब विलिसच्या एका षटकात सहा चौकार मारले, ते मराठी पाक्षिकाचे संपादक झाले. ‘एकच षटकार’ अकोल्याच्या बसस्टँडवरच्या पेपरवाल्याकडे येताच संपायचं, म्हणून मी त्याला आधीच सांगून ठेवत असे. शाळेच्या वाचनालयात ते अंक मी बांधून ठेवले होते. माजी खेळाडूनं मराठीत खेळाचं पाक्षिक चालवावं आणि ते खेड्यापाड्यांत वाचलं जावं, ही लहान गोष्ट नव्हती. त्या अंकांवर माझ्या पोरांच्या बोटांचे तेलकट ठसे आहेत.

कबड्डीला तो काळ फार उशिरा आला. १९९० मध्ये बीजिंगच्या आशियाई खेळांत ती आली, आणि टीव्हीवर खऱ्या अर्थानं आली ती २०१४ च्या जुलैमध्ये प्रो कबड्डी सुरू झाली तेव्हा. बर्लिननंतर अठ्ठ्याहत्तर वर्षांनी. तोवर बर्लिनला गेलेली पिढी संपली होती.

आणि आता तर दिवस असे आले आहेत की भाषेची ती जुनी अडचणच राहिलेली नाही. २०२३ च्या आयपीएलमध्ये फोनवर मराठी समालोचन ऐकायला मिळालं. पुण्याचा केदार जाधव तिथे बोलत होता, आणि बोलता बोलताच त्याला बेंगळुरूच्या संघानं खेळायला बोलावून घेतलं. समालोचकाच्या खुर्चीतून उठून थेट मैदानात! त्याच वेळी भोजपुरी समालोचनही होतं आणि लोकांनी ते डोक्यावर घेतलं. पुढच्या वर्षी हरियाणवी आलं. वीरेंद्र सेहवाग आपल्या घरच्या बोलीत बोलू लागला. मी ते मुद्दाम ऐकलं. अर्धं कळलं नाही. पण त्यातला वेग ओळखीचा होता. दर्यापूरकडच्या बाकड्यावरचा मफलरवाला असाच बोलायचा. भोजपुरीला जागा आहे, हरियाणवीला जागा आहे, मग वऱ्हाडीला का नसावी? अमरावतीचा जितेश शर्मा भारताकडून खेळला आहे. अकोल्याचा अथर्व तायडे विदर्भाच्या डावाची सुरुवात करतो. उद्या यांचा खेळ थांबेल तेव्हा हे माइकपुढे बसतील, बसावेतच. माझी एकच मागणी आहे, की तेव्हा कोणी त्यांच्या कानाशी जाऊन शुद्ध बोला म्हणू नये.

वस्तादांचं मात्र राहून गेलं. अगदीच गेलं असं नाही. १९८४ च्या दिवाळीत मी नवा टेपरेकॉर्डर घेऊन अमरावतीला त्यांच्याकडे गेलो होतो. मनात होतं की सगळं सविस्तर विचारायचं, तास-दोन तास बोलतं करायचं. कॅसेटची एकच बाजू भरली. नंतर पावसाळ्यात कपाटाला ओल लागली आणि फितीवर बुरशी चढली. माझ्या मुलानं मध्यंतरी ती एका जाणकाराकडून साफ करून फोनवर उतरवून घेतली. बावीस मिनिटं वाचली.

मी ती अधूनमधून लावतो. सुरुवातीला चहाच्या कपाचा आवाज आहे. मग बर्लिनहून परतलेल्या माणसांनी अंगणातल्या पोरांना काय शिकवलं ते वस्ताद सांगू लागतात. टाचेचं सांगतात. मग मी विचारतो, "पण वस्ताद, टाच उचलली त्या क्षणी धरायचं कसं?" थोडा वेळ काहीच ऐकू येत नाही. मग खाट करकरते. ते उठलेले आहेत. माझा आवाज येतो, "नको, नको, वस्ताद..." आणि मग धप्पकन मी जमिनीवर पडल्याचा आवाज. एक कप कलंडतो. आतून कोणी बाई धावत येऊन विचारते काय झालं म्हणून. आणि वस्तादांचा आवाज, किंचित धाप लागलेला, अगदी माइकजवळून:

"असं."

त्यांचा हात माझ्या घोट्यावर कुठे पडला होता, अंगठा आत होता की बाहेर, हे फितीवर नाही. ते मला माझ्या घोट्यात आठवतं. गेल्या आठवड्यात नातू आला होता. नऊ वर्षांचा आहे. त्याला फोनवर ते ऐकवलं. तो म्हणाला, "आबा, असं म्हणजे कसं?"

मी त्याला अंगणात नेलं आणि रेघ ओढली.